समुद्र न कळणाऱ्याला काय म्हणायचं?

कोकणच्या किनाऱ्यावर पर्यटक बुडाले की पुढचे चार दिवस मराठीत काय वाद होणार, हे आता पाठ झालं आहे. एक बाजू म्हणते, हे घाटावरचे लोक. दारू ढोसून पाण्यात उतरतात, गावकऱ्यानं हटकलं तर त्याच्याच अंगावर येतात, यांच्यासाठी हळहळायचं कशाला? दुसरी बाजू म्हणते, सरकार झोपलंय. जीवरक्षक नाहीत, बोटी नाहीत, फलक गंजून पडलेत. पाचव्या दिवशी दोन्ही बाजूंना नवा विषय मिळतो आणि किनाऱ्यावर पुढच्या शनिवारच्या गाड्या लागतात. दोन्ही बाजूंच्या म्हणण्यात तथ्य आहे, तरीही दोघं मिळून मुद्दा चुकवतात असं माझं मत आहे. समुद्र न कळणाऱ्या माणसाला आपण एक तर हसतो, नाही तर शिट्टी मारून हाकलतो. त्याला समुद्र सांगत कोणीच नाही. किनाऱ्यावरच्या माणसाकडे पाण्याच्या प्रत्येक हालचालीला नाव आहे, आणि साताऱ्याहून किंवा नगरहून आलेल्या माणसाला त्यातलं एकही ठाऊक नसतं. त्याच्याशी आपण फक्त ‘धोका’ एवढाच शब्द बोलतो. एका शब्दात समुद्र कसा सांगणार?

आधी त्याला आपण म्हणतो काय ते पाहू. कोकणात ‘घाटी’ म्हणतात. सह्याद्रीच्या पलीकडचा एवढाच त्याचा मूळ अर्थ, पण तो उच्चारताना ओठाच्या कोपऱ्यात जे येतं ते भूगोलाचं नसतं. (मुंबईत हीच शिवी सरसकट मराठी माणसाला ऐकावी लागते, त्यात कोकणीही आला. त्यामुळे ती वापरताना कोकण्यानं जरा जपून राहावं.) इंग्रज खलाशांचीही अशा माणसासाठी शिवी होती, ‘लँडलबर’. लबर म्हणजे बोजड, ऐदी माणूस. जमिनीवर ठीक, जहाजावर अडगळ. पण त्याच इंग्रजांच्या आरमारात अठराव्या शतकात याच माणसासाठी दुसराही एक शब्द होता आणि तो हजेरीपटात लिहिला जायचा : ‘लँड्समन’. समुद्रावर नवखा, साधारण वर्षही न काढलेला माणूस. ही शिवी नव्हती, हुद्दा होता. सर्वांत खालचा आणि सर्वांत कमी पगाराचा, पण हुद्दाच. त्याच्या वर ऑर्डिनरी सीमन, त्याच्या वर एबल सीमन. म्हणजे डेकवर जो लबर होता तो वहीत शिकाऊ होता, आणि त्याला दोर-शिडांची नावं शिकवणं ही जहाजाची गरज होती, कारण वादळात त्याच्या अडाणीपणाची किंमत सगळ्यांनाच मोजावी लागणार होती. ते आरमार काही दयाळू नव्हतं, माणसं रस्त्यावरून धरून आणायचं आणि चाबकानं फोडायचं. तरी एवढं त्याला कळत होतं. आपल्याकडे शिवी आहे, वहीतला शब्द नाही.

आता आपण या माणसाला माहिती म्हणून जे देतो ते बघा. दर पावसाळ्याआधी मुंबई महापालिका मोठ्या भरतीच्या दिवसांची यादी जाहीर करते. अमुक तारखेला, अमुक वाजता, ४.६ मीटर. दुसऱ्या दिवशी बातमी येते : ‘समुद्रात साडेचार मीटरहून उंच लाटा उसळणार’. ही बातमी चूक आहे, आणि वर्षानुवर्षं तशीच छापली जाते. ४.६ मीटर ही लाटेची उंची नव्हे. ओहोटीचं पाणी जवळजवळ जास्तीत जास्त जितकं खाली जातं तिथं शून्य धरून, त्यापासून भरतीचं पाणी किती वर चढेल याचा तो आकडा आहे. त्या दिवशी वारा पडलेला असेल तर लाट गुडघ्याएवढीही नसेल, आणि पाणी मात्र आवाज न करता बांधाच्या कडेला येऊन टेकेल. बातमी वाचून गेलेला माणूस काय शोधतो? दुमजली लाट. ती दिसत नाही. मग तो म्हणतो, उगाच घाबरवतात, आणि पुढच्या इशाऱ्यावरचा त्याचा विश्वास तिथंच संपतो. समुद्राला खेटून असलेल्या शहरातल्या बातमीदारांना जर भरती आणि लाट यांतला फरक सांगता येत नसेल, तर बार्शीच्या माणसाला बिनडोक म्हणण्याचा हक्क आपल्याला कुठून आला?

अलिबागच्या कुलाबा किल्ल्याचं उदाहरण घ्या. ओहोटीला किल्ल्यापर्यंत चालत जाता येतं, घोडागाड्या जातात, आत गणपतीचं देऊळ आहे, गोड्या पाण्याची विहीर आहे. भरतीला तीच वाट पाण्याखाली असते. नवखा माणूस आत जातो, देऊळ बघतो, तटावर बसून फोटो काढतो. पाणी फिरल्याचं त्याला दिसतंही. पण पहिल्या तासाभरात ते इतकं थोडं चढतं की त्याचा हिशेब होतो : अजून पुष्कळ वेळ आहे. हिशेबात चूक नाही, चूक गृहीतकात आहे. भरती सारख्या वेगानं चढत नाही. सहा तासांच्या चढापैकी पहिल्या आणि शेवटच्या तासात ती रेंगाळते, आणि मधल्या दोन तासांत जवळजवळ निम्मं पाणी भरून टाकते. उधाणाच्या दिवसांत चढच चार मीटरच्या घरात असतो, म्हणजे मधल्या काळात तासाला साधारण कंबरभर पाणी. पहिल्या तासावरून उरलेल्या तासांचा अंदाज बांधणारा माणूस मूर्ख नसतो. बस, दूध, पगार, कालव्याचं पाणी, आयुष्यात सगळीकडे याच पद्धतीनं अंदाज बांधून त्याचं चाललेलं असतं. त्याला हे एक वाक्य गाडीवाल्यानं निघताना सांगितलं तर पुरे. ते सांगितलं जात नाही, आणि अडकल्यावर त्याचा व्हिडिओ काढला जातो. वाळूत रुतून लाटांत गेलेल्या मोटारींचे व्हिडिओ तर आता करमणुकीचा प्रकारच झाला आहे. मीही हसून बघतो, खोटं कशाला बोलू.

समोरून येणारा आक्षेप मला माहीत आहे, आणि तो वजनदार आहे. किनाऱ्यावरचे लोक म्हणतील, आम्ही सांगत नाही असं कोण म्हणतं? घसा सुकेपर्यंत सांगतो. ‘तू कोण सांगणारा, समुद्र तुझ्या बापाचा का’ हे ऐकून घेतो. आणि मग रात्री प्रेतं शोधायला आमच्याच होड्या बाहेर काढतो, डिझेल आमचं, झोप आमची. हे शब्दशः खरं आहे, आणि ज्यानं कधी असा शोध घेतला नाही त्यानं कोळ्याला, भंडाऱ्याला, खारव्याला माणुसकीचे धडे देऊ नयेत. दारू हा प्रश्नही खराच आहे. बाटली घेऊन पाण्यात उतरणाऱ्याला कुठलीही परिभाषा वाचवणार नाही. पण सगळ्या मृत्यूंवर दारूचा आणि मस्तीचा शिक्का मारला की विचार करायची गरज उरत नाही, ही खरी अडचण. १ फेब्रुवारी २०१६ ला मुरूडच्या समुद्रात पुण्याच्या एका महाविद्यालयाच्या सहलीतले १४ विद्यार्थी बुडाले. महिना फेब्रुवारी. पाऊस नाही, वादळ नाही, उघडं आकाश. ‘पावसाळ्यात मरायला कशाला जातात’ हा नेहमीचा प्रश्न तिथं लागू होत नव्हता. दिवसाउजेडी, सहलीला आलेली पोरं होती ती. देशावरच्या मुलाला पाणी म्हणजे विहीर, धरण, नदी. त्यातला पोहणारासुद्धा उभ्या पाण्यात पोहायला शिकलेला असतो. पायाखालची वाळूच सरकते, पाणी स्वतःहून आत ओढतं, हे त्याच्या अनुभवात नसतंच. त्याला पोहता येतं, हाच कधीकधी त्याचा घात ठरतो.

ही ओढ नेमकी काय असते? लाटा पुळणीवर येतात, आलेलं पाणी परत जायला हवं, आणि ते सगळीकडून सारखं परत जात नाही. जिथं तळाला खळगा असेल तिथं गोळा होऊन ते अरुंद पट्ट्यातून वेगानं बाहेर पडतं. या पट्ट्यात लाटा फुटत नाहीत किंवा कमी फुटतात. पाणी गडद दिसतं, शांत दिसतं. दोन्ही बाजूंना पांढरा फेस आणि मध्ये गुळगुळीत वाट. लहान मूल घेऊन आलेला बाप कुठं उतरेल? अर्थातच त्या शांत जागी. समुद्र न कळणाऱ्या माणसाचा काळजीपणाच त्याला नेमक्या चुकीच्या जागी नेतो. आणि ओढ लागल्यावर तो दुसरी शहाणपणाची गोष्ट करतो, म्हणजे सरळ किनाऱ्याकडे जिवाच्या आकांतानं हात मारतो, प्रवाहाच्या तोंडावर, दम संपेपर्यंत. खरं तर हा पट्टा रुंदीला थोडाच असतो. किनाऱ्याला समांतर, आडवं पोहलं तर त्यातून सुटता येतं, आणि ते जमत नसेल तर तरंगत राहून हात वर करावा, कारण ओढ बाहेर नेते, खाली नाही. ऑस्ट्रेलियात ६ फेब्रुवारी १९३८ ला बाँडायच्या किनाऱ्यावर अशाच ओढीनं काही मिनिटांत शेकडो माणसं आत नेली. त्या दिवशी पहाऱ्यावर हजर असलेल्या जीवरक्षकांनी बहुतेकांना बाहेर काढलं, पाच जण गेले. त्या देशात आज ‘लाल-पिवळ्या बावट्यांच्या मध्येच पोहा’ हे वाक्य नुकत्याच उतरलेल्या परदेशी पाहुण्यालाही ऐकवलं जातं. आपल्या फलकावर असतं : ‘खोल पाण्यात जाऊ नये. आदेशावरून.’ खोल म्हणजे किती? ओढ तर कमरेएवढ्या पाण्यातही लागते.

दुसरा आक्षेप याच उदाहरणातून निघतो. बाँडायला माणसं शब्दांनी वाचली की जीवरक्षकांनी? जीवरक्षकांनीच. गोव्यानं २००८ पासून किनाऱ्यांवर पगारी जीवरक्षक नेमले, बावटे लावले, आणि शेजारच्या सिंधुदुर्गात, रत्नागिरीत, रायगडात तशी सलग व्यवस्था आपण अजून उभी केलेली नाही. याची लाज वाटायलाच हवी आणि त्या मागणीत मी काडीचीही सूट मागत नाही. पण जीवरक्षक संध्याकाळी घरी जातो, आणि दोन टेकड्यांमधल्या निर्जन पुळणीवर तो कधीच नसतो. पर्यटकाला मात्र आज नेमकी तीच निर्जन पुळण हवी असते. शिवाय बावटा हासुद्धा शब्दच आहे. तो वाचता येत नसेल तर काठीला बांधलेलं फडकं.

याहून टोकदार उदाहरण माझ्या विरोधात जाणारं आहे. केरळच्या मच्छीमारांचा एक शब्द आहे, ‘कल्लक्कडल’, म्हणजे चोर समुद्र. दूर दक्षिणेकडच्या सागरात कुठं तरी वादळ होतं, त्याच्या लांबलचक लाटा काही दिवसांनी इथं पोचतात आणि स्वच्छ उन्हात, वारा नसताना, पाणी अचानक चालून येतं. शास्त्रज्ञांनी हा शब्द जसाच्या तसा उचलला, २०१२ मध्ये युनेस्कोनं तो मान्य केला, आणि हैदराबादची समुद्रविज्ञान संस्था त्याच नावानं इशारे देते. तरीही ६ मे २०२४ ला कन्याकुमारी जिल्ह्यात पाच तरुण शिकाऊ डॉक्टर अशाच लाटांत गेले. इशारा होता, किनाऱ्यावर जायला मनाई होती असंही तेव्हा सांगितलं गेलं. मग शब्द असून काय उपयोग झाला? मला त्यातून उलट निष्कर्ष दिसतो. शब्द मच्छीमारापासून शास्त्रज्ञापर्यंत गेला आणि शास्त्रज्ञाकडून परत मच्छीमाराकडे आला. ज्याला तो मुळात ठाऊक नव्हता त्याच्याकडे मात्र इशाऱ्यातून मनाईच तेवढी पोचते. मनाई माणसाला पोलीस चुकवायला शिकवते. निरभ्र दिवशी शांत दिसणारं पाणी बंद का केलं, हे न कळणाऱ्याला ती मनाई सरकारी खाक्या वाटली तर नवल नाही.

‘पण समुद्र ऐकून कळतो का? त्यासाठी जन्म त्यात जावा लागतो,’ असं म्हातारे तांडेल, म्हणजे होड्यांचे म्होरके, म्हणतात. दर्यावर्दी व्हायचं असेल तर ते खरंच आहे. जीव वाचवण्यापुरतं मात्र खरं नाही, आणि याचा पुरावा २००४ च्या २६ डिसेंबरनं दिला. सुमात्राजवळच्या सिमेलुए बेटावर १९०७ साली मोठी त्सुनामी आली होती. तेव्हापासून तिथं ‘स्मोंग’ हा शब्द आजी नातवाला सांगत आली : जमीन जोरात हलली आणि पाणी मागं गेलं की डोंगर गाठायचा, मासे वेचायला थांबायचं नाही. २००४ मध्ये ते बेट भूकंपाच्या केंद्राच्या अगदी जवळ होतं. सुमारे ७८,००० वस्तीपैकी सात माणसं दगावली. वाचलेल्यांपैकी बहुतेकांनी आयुष्यात त्सुनामी पाहिलेली नव्हती, त्यांच्याजवळ केवळ शब्द होता. कोणी म्हणेल, ते झाले बेटावरचे लोक. तर त्याच दिवशी थायलंडच्या फुकेत बेटावर एका दहा वर्षांच्या इंग्रज मुलीनं पाणी विचित्र फेसाळताना पाहून आईवडिलांना हटवलं आणि सगळी पुळण रिकामी झाली. ती मुलगी सरे परगण्यातली, ज्याला समुद्रकिनाराच नाही. दोनच आठवड्यांपूर्वी शाळेत भूगोलाच्या तासाला तिनं त्सुनामी शिकली होती. आपल्याकडेही भूगोलात उधाणाची भरती आणि भांगाची भरती असते, खारे वारे आणि मतलई वारे असतात. दोन गुणांची आकृती म्हणून असतात, आणि परीक्षेच्या दुपारी संपतात.

देशावरच्यांना समुद्र कधीच कळला नाही, हा युक्तिवाद इतिहासाच्या आधारानंही केला जातो. त्यासाठी पेशव्यांचं उदाहरण काढतात आणि ते चुकीचं नाही. फेब्रुवारी १७५६ मध्ये नानासाहेबांनी इंग्रजांच्या मदतीनं विजयदुर्गावर आरमारप्रमुख तुळाजी आंग्र्यांना मोडलं, त्यात मराठ्यांचंच आरमार जळून खाक झालं. तुळाजी मुजोर होते, पेशव्यांचा अधिकार मानत नव्हते, हे मान्य. पण पुण्यातून पाहताना ते एक बंडखोर सरदार तेवढे दिसले. त्या जळणाऱ्या लाकडांबरोबर पश्चिम किनाऱ्यावर इंग्रजांना अडवू शकणारं बळ संपतंय, हे दिसायला समुद्राची नजर लागत होती. हे सगळं मान्य करून विचारतो, शिवाजी महाराज कुठले होते? जन्म शिवनेरीचा, बालपण पुण्याचं. कल्याण-भिवंडीला जहाजं बांधायची वेळ आली तेव्हा त्यांनी कोळी, भंडारी, मुसलमान दर्यावर्दी, अगदी पोर्तुगिजांकडचे कारागीरसुद्धा कामाला लावले. १६६४ मध्ये मालवणच्या खडकावर सिंधुदुर्गाचं काम सुरू झालं तेही स्थानिक माणसाला पाण्यातले खडक विचारूनच होण्यासारखं होतं. महाराज आणि नानासाहेब, दोघंही घाटावर वाढलेलेच. एकानं विचारलं, दुसऱ्याला विचारायची गरज वाटली नाही. आज कोकणात उतरणारा पर्यटक दुसऱ्यासारखा वागतो, ही तक्रार रास्त आहे, पण त्याला विचारायला जागा तरी कुठं ठेवली आहे? हॉटेलात त्याला मासळीच्या थाळीची पाटी मिळते, भरती-ओहोटीची नाही.

आणि गंमत अशी की यातली सगळ्यांत उपयोगी किल्ली त्याच्या घरच्या भिंतीवर आधीच टांगलेली आहे. किनाऱ्यावरचा जुना हिशेब : तिथीची पाऊणपट केली की भरतीची वेळ. पंचमी असेल तर पावणेचारच्या सुमारास पूर्ण भरती, अष्टमीला सहाला, पुनव-अवसेला सव्वाअकराच्या आसपास. सव्वासहा तासांनी ओहोटी, कोकणच्या भाषेत सुकती. जागेनुसार तासभर इकडेतिकडे होतं, पण जीवापुरतं पुरतं. पुनव-अवसेला उधाण, म्हणजे पाणी खूप चढतं आणि खूप उतरतं. अष्टमीच्या आसपास भांग, तेव्हा चढही कमी आणि उतारही. अंगारकीला गणपतीपुळ्याला लोटणारी गर्दी बहुतांशी घाटावरची असते. ती पुळण उतरती आहे आणि बुडण्यासाठी कुप्रसिद्धही. त्या गर्दीतल्या प्रत्येकाला आज चतुर्थी आहे हे ठाऊक असतं, उपासच असतो. चार गुणिले पाऊण, तीन. दुपारी तीनच्या आगेमागे पूर्ण भरती, म्हणजे दर्शन आटोपून बाराला पाण्यात उतरलेल्या माणसाच्या पायाखाली पाणी चढत्या वेगाचं आहे. चंद्रोदयाची वेळ मिनिटापर्यंत पाहणाऱ्या माणसाला हे शिकवायला किती वेळ लागेल? देवळाच्या रांगेतला एक फलक पुरेल.

तो फलक लिहायचा कोणी, यावरच खरं घोडं अडेल. तो जिल्हा कार्यालयात लिहिला गेला तर ‘सागरी प्रवाहांच्या तीव्रतेस अनुसरून’ अशी सुरुवात होईल आणि वाचणारा पहिल्या ओळीतच पाण्यात पोचेल. तो गावच्या तांडेलाकडून लिहून घ्यावा, आणि बाहेरच्या सल्लागाराला मोजतात तसा त्याचा मोबदला रोख द्यावा. कुठल्या महिन्यात ओढ कुठं सरकते, खाडीचं तोंड यंदा कुठं फिरलंय, हे त्याच्याशिवाय कोणाला माहीत नाही, आणि वाळू दर पावसाळ्यात हलत असल्यानं फलकही दरवर्षी नवा करावा लागेल. काही कोळीवाड्यांतून उत्तर येईल की आमच्या पोरांनाच आता तिथीचा हिशेब येत नाही, ती मोबाइलवर वेळ बघतात. मग तर हे काम या वर्षीच करायला हवं.